सॅम्पल पास केलं ते कुणी?

वाचकाचं पत्र, थोडक्यात

वय सत्तावीस. गाव परभणी जिल्ह्यात. दहावीपर्यंत जिल्हा परिषदेची शाळा, पुढे तालुक्याच्या कॉलेजात बी.कॉम. गेली दोन वर्षं वाळूज एमआयडीसीत सुटे भाग बनवणाऱ्या एका कंपनीत डिस्पॅचचं काम. ग्राहकांशी सगळा पत्रव्यवहार इंग्रजीत, म्हणून संध्याकाळी छत्रपती संभाजीनगरात इंग्रजी बोलण्याचा क्लास लावला. तिथे क्लेफ्ट सेन्टेन्सचा, म्हणजे एका शब्दावर जोर द्यायला दोन भागांत फोडलेल्या वाक्यांचा, एक कागद मिळाला: 'इट वॉज... हू', 'इट इज... दॅट', 'व्हॉट आय नीड इज'. साधी वाक्यं लहान मुलांची, ही वाक्यं ऑफिसरची, असं तिथे सांगितलं गेलं. वाचकाने कागद पाठ केला.

मागच्या महिन्यात एका ग्राहकाने मालाच्या रंगछटेबद्दल तक्रार केली. वाचकाने उत्तर धाडलं: 'इट वॉज युवर क्वालिटी टीम हू अप्रूव्ह्ड द सॅम्पल. इट इज युवर ट्रान्सपोर्टर हू इज डिलेइंग द व्हेइकल. इट इज वुई हू आर सफरिंग.' ग्राहकाचा थेट मॅनेजरला फोन आला, 'हा आमच्यावर आरोप करतोय का?' तेव्हापासून प्रत्येक मेल आधी मॅनेजरला दाखवावा लागतो. त्याच आठवड्यात फोनवर 'आय सेंट इट यस्टरडे ओन्ली' म्हटल्यावर शेजारचा सहकारी हसला आणि म्हणाला, 'मराठी मीडियम!'

वाचक विचारतात: ही वाक्यरचना सोडून द्यावी का? डोक्यातली मराठी आड येते, ती कशी घालवावी? आणि धाकट्या बहिणीचा एक प्रश्न, 'इट इज आय हू अ‍ॅम' बरोबर की 'इट इज मी हू इज'?

उत्तर

तुमचं पत्र दोनदा वाचलं, आणि ती तीन इंग्रजी वाक्यं वेगळ्या कागदावर उतरवून घेतली. तिन्ही व्याकरणाने बरोबर आहेत. 'इट इज वुई हू आर' हे तर वर्षानुवर्षं इंग्रजी लिहिणाऱ्यांचंही चुकतं. तुमचं चुकलेलं नाही. तेव्हा ग्राहक रागावला तो आपल्या कच्च्या इंग्रजीमुळे, ही समजूत आधी बाजूला ठेवा. तुम्ही लिहिलेलं त्यांना नेमकं कळलं, म्हणून ते रागावले.

पहिलं वाक्य मराठीत म्हणून बघा. 'तुमच्या क्वालिटीवाल्यांनी सॅम्पल पास केलं' असं नको, ते साध्या इंग्रजी वाक्याचं मराठी झालं. तुमच्या वाक्याचं मराठी असं होतं: 'सॅम्पल पास केलं ते तुमच्याच क्वालिटीवाल्यांनी.' मोठ्याने म्हणा. समोरच्याकडे रोखलेलं बोट दिसतं ना? गावाकडे भावकीच्या वादात हेच वाक्य येतं: 'बांध कोरला तो तुम्ही.' 'मोटार बंद केली ती तुमच्या पोरानं.' ग्राहकाशी मराठीत बोलायची वेळ असती तर तुमच्या तोंडून हे आलंच नसतं. जीभ अडखळली असती, कारण मराठीत त्या वाक्याची धार तुम्हाला जन्मापासून माहीत आहे. इंग्रजीत मात्र ते तुम्हाला 'ऑफिसरचं वाक्य' म्हणून मिळालं. साचा हातात आला, तो केव्हा वापरायचा हे कुणी सांगितलं नाही. तुम्हाला शिकवणाऱ्यांना मी दोष देत नाही. मीही तीस वर्षं मराठवाड्यातल्या कॉलेजात इंग्रजी शिकवलं, आणि त्यातली पहिली कित्येक वर्षं फळ्यावर साचेच लिहिले.

म्हणून हा साचा आधी उलगडून बघू. तुरीचा दाणा भरडला की त्याच्या दोन पाकळ्या होतात. क्लेफ्ट म्हणजे तसं दुभंगलेलं. 'युवर टीम अप्रूव्ह्ड द सॅम्पल' हा एक अखंड दाणा. तो फोडून एक पाकळी पुढे धरली, 'इट वॉज युवर टीम', आणि दुसरी मागे ठेवली, 'हू अप्रूव्ह्ड द सॅम्पल'. अर्थातली माहिती तेवढीच राहते. बदलतं ते असं की मागची पाकळी आता वादाचा विषय उरत नाही. सॅम्पल पास झालं, हे दोघांना मान्य आहे असं धरलं जातं. प्रश्न उरतो फक्त 'कुणी?' आणि त्याचं उत्तर पुढच्या पाकळीत असतं: हेच, दुसरं कुणी नाही.

आता तुमचं दुसरं वाक्य घ्या. गाडीला उशीर होतोय, हे ग्राहकाने कुठे मान्य केलं होतं? त्यांची तक्रार रंगाची होती. तुम्ही 'इट इज युवर ट्रान्सपोर्टर हू इज डिलेइंग' लिहिलंत, तेव्हा एका वाक्यात दोन गोष्टी झाल्या. उशीर होतोय हे ठरून गेलं, आणि तो कुणामुळे तेही ठरलं. शिवाय त्यांना साधं नाकारायचीही सोय उरली नाही. 'इट इज नॉट अवर ट्रान्सपोर्टर हू इज डिलेइंग' म्हणायचं, तर कुणीतरी उशीर करतोय हे कबूल होतंच. माणूस अशा वाक्यात अडकला की त्याला राग येतो, आणि आपण का रागावलो हे त्यालाही सांगता येत नाही. तुमच्या ग्राहकाचं तेच झालं असावं.

या रचनेचा हा गुण अभ्यासकांच्या नजरेतून सुटलेला नाही. एलन प्रिन्स या अमेरिकी भाषाशास्त्रज्ञ बाईंनी १९७८ मध्ये दाखवून दिलं की, 'दॅट'च्या मागची माहिती ऐकणाऱ्याला आधी ठाऊक असतेच असं नाही. कधी ती पूर्ण नवी असते, पण सर्वांना माहीत असलेल्या सत्यासारखी मांडली जाते. १७ सप्टेंबरला झेंड्यासमोर इंग्रजीत भाषण करणारा 'इट वॉज ऑन धिस डे इन १९४८ दॅट मराठवाडा बिकेम फ्री' म्हणतो. समोर बसलेल्या लेकरांना ते पहिल्यांदाच कळत असतं, पण वाक्याला इतिहासाचं वजन येतं. तिथे ते शोभतं. मेलमध्ये, न ठरलेल्या गोष्टीला ते वजन दिलं की भांडण होतं.

आता तुमच्या मोठ्या प्रश्नाकडे येते. डोक्यातली मराठी कशी घालवावी, असं तुम्ही विचारता. घालवू नका. या बाबतीत तीच तुम्हाला वाट दाखवेल.

वर मी 'ग्राहक रागावला तो आपल्या कच्च्या इंग्रजीमुळे' असं लिहिलं, 'बदलतं ते असं' असं लिहिलं. तुम्हाला ती वाक्यं खटकली का? नसतील. ती मराठीतली क्लेफ्ट वाक्यंच आहेत. आपण दिवसभर ती बोलतो. 'शिकलो ते अंबाजोगाईला.' 'पाऊस आला तो थेट पोळ्यानंतर.' 'मला हवंय ते पाणी.' माझी आई बहात्तरच्या दुष्काळाबद्दल बोलायची तेव्हा म्हणायची, 'खाल्ली ती मिलो, फोडली ती खडी.' ती लाल परदेशी ज्वारी आणि रस्त्याच्या कामावरची ती खडी, एवढ्या सहा शब्दांत तिचं ते सगळं वर्ष यायचं. 'आम्ही मिलो खाल्ली आणि खडी फोडली' असं ती म्हणाली असती तर ती नुसती माहिती झाली असती. आईने शाळेची पायरी चढलेली नव्हती. ही रचना ऑफिसरची आहे असं कुणी म्हटलं की मला आई आठवते.

इंग्रजीला या साच्याची गरज आपल्यापेक्षा जास्त पडते, त्याला कारण आहे. मराठीत विभक्तीचे प्रत्यय असतात, म्हणून शब्द हलवता येतात. 'मामाने भाच्याला पैसे दिले', 'भाच्याला पैसे दिले मामाने', 'पैसे मामाने दिले भाच्याला'. काहीही करा, देणारा मामाच राहतो, नुसता जोर इकडून तिकडे जातो. इंग्रजीत कर्ता आणि कर्म जागेवरून ओळखायचे असतात. जागा बदलली की देणारा घेणारा होतो. मग जोर कसा द्यायचा? बोलताना आवाज चढवून देतात. लिहिताना आवाज नसतो, म्हणून वाक्य दुभंगून हवा तो शब्द पुढे आणून धरतात. आपल्याकडे त्याच कामाला आणखी एक अक्षर आहे: च. 'मामानेच दिले.' 'भाच्यालाच दिले.' 'पैसेच दिले.' एका अक्षरात काम होतं. इंग्रजीकडे असा चिकटवायचा च नाही.

आणि तुमचा 'यस्टरडे ओन्ली' येतो तो इथून. तो च शोधत शोधत आपण 'ओन्ली'पाशी जाऊन थांबतो. 'आय अ‍ॅम फ्रॉम परभणी ओन्ली', 'ही इज इन मीटिंग ओन्ली'. भारतभर लोक असं बोलतात, आपापसांत ते कळतंही. तुमचे सहकारी हसले, पण हसण्यासारखं त्यात काही नाही. मातृभाषेचा ठसा दुसऱ्या भाषेवर उमटतोच. आयर्लंडमधले लोक इंग्रजीत क्लेफ्टचा सढळ वापर करतात, 'इट्स टायर्ड ही इज' असंही म्हणतात, जे इंग्लंडमधल्या प्रमाण इंग्रजीत चालत नाही. त्यामागे त्यांच्या आयरिश भाषेची घडण आहे. 'क्लेफ्ट सेन्टेन्स' हे नाव रुळवलं ते ओटो येस्पर्सन यांनी, १९३७ मध्ये. ते डेन्मार्कचे. इंग्रजी त्यांची मातृभाषा नव्हती, तरी इंग्रजीचं सात खंडांचं व्याकरण त्यांच्या नावावर आहे. परकी भाषा बाहेरून शिकणाऱ्याला तिचे सांधे दिसतात, तिच्यात जन्मलेल्याला ते बहुधा दिसत नाहीत. तुम्हीही बाहेरूनच शिकताय.

पण 'यस्टरडे ओन्ली'ची एक खरी अडचण आहे, आणि ती हसण्यापेक्षा महत्त्वाची. तुम्हाला म्हणायचं होतं, 'कालच पाठवलं की', म्हणजे आमच्याकडून उशीर नाही, काम कधीच झालं. परदेशी ग्राहकाच्या कानाला 'ओन्ली यस्टरडे' म्हणजे 'आत्ता कुठे काल', म्हणजे फार अलीकडे, म्हणजे कदाचित उशिरा. तुम्ही सफाई दिलीत, त्याला ती कबुली वाटली. मराठीतल्या 'कालच'मध्ये हे दोन्ही अर्थ राहतात आणि आपला सूर ते वेगळे करतो. आई फोनवर विचारते, 'पगार झाला का रे?' आणि तुम्ही म्हणता, 'झाला ना, परवाच झाला.' दोन दिवस झाले असं सांगायचंय की आत्ता कुठे झाला असं, हे आईला तुमच्या आवाजावरून कळतं. इंग्रजीत तो अर्थ शब्दांनी वेगळा करावा लागतो. उशीर झाला नाही हे सांगायचं असेल तर 'ऑलरेडी' घ्या: 'आय ऑलरेडी सेंट इट यस्टरडे.' आज नव्हे तर काल, असा फरक दाखवायचा असेल तर क्लेफ्ट घ्या: 'इट वॉज यस्टरडे दॅट आय सेंट इट, नॉट टुडे.' परभणीच्या वाक्यात तर काहीच घालायला नको, 'आय अ‍ॅम फ्रॉम परभणी' पुरेसं आहे. मराठीतला प्रत्येक च इंग्रजीत न्यायचा नसतो. आपले पुष्कळसे च जिव्हाळ्याचे असतात, त्यात जोर नसतो.

मग क्लेफ्ट केव्हा वापरायचं? मी विद्यार्थ्यांना एक सवय लावायची. वाक्य लिहिण्याआधी, ते कोणत्या प्रश्नाचं उत्तर आहे तो प्रश्न मराठीत मनाशी म्हणायचा. एप्रिल २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आलं. पहिल्या गाडीला दहा वाघिणी होत्या आणि त्यांत पाच लाख लिटर पाणी. आपल्या भागात ही गोष्ट कुणी विसरलेलं नाही. कुणी विचारलं, 'पाणी कुठून आलं, उजनीहून का?', तर 'इट वॉज फ्रॉम मिरज दॅट द वॉटर केम.' विचारलं, 'टँकरने आलं ना?', तर 'इट वॉज बाय ट्रेन दॅट द वॉटर केम.' विचारलं, 'हे २०१५ मधलं ना?', तर 'इट वॉज इन २०१६ दॅट द वॉटर केम.' घटना एकच, प्रश्न तीन, म्हणून पुढे येणारी पाकळी दर वेळी वेगळी. आणि कुणी नुसतं विचारलं, 'लातूरला काय झालं होतं?', तर यातलं एकही वाक्य चालणार नाही. तिथे साधं सरळ वाक्य हवं: 'वॉटर केम टू लातूर बाय ट्रेन.' समोरच्याच्या मनात चुकीची गोष्ट बसलेली असते किंवा दोन गोष्टींत घोळ झालेला असतो, तेव्हा क्लेफ्ट कामाला येतं. प्रश्नच नसेल तर उत्तराला जोर देऊ नका.

तुमच्या मेलमध्ये ग्राहकाने 'सॅम्पल कुणी पास केलं?' असं विचारलंच नव्हतं. त्यांनी विचारलं होतं, 'रंग वेगळा का दिसतोय?'

'हेच, दुसरं कुणी नाही' हा जो अर्थ मघाशी सांगितला, तोही जपून वापरा. 'इट वॉज स्वामी रामानंद तीर्थ हू लेड द मूव्हमेंट' हे बरोबर आहे, हैदराबाद मुक्तिसंग्रामाचं नेतृत्व त्यांचंच होतं. पण 'इट वॉज स्वामी रामानंद तीर्थ हू फॉट द निझाम' लिहिलंत तर खेड्यापाड्यांतून लढलेली बाकीची सगळी माणसं त्या वाक्यातून बाहेर फेकली जातात. ऑफिसातही तसंच. 'इट वॉज अवर मॅनेजर हू सॉल्व्ह्ड द प्रॉब्लेम' लिहिलं की रात्रपाळीत जागलेले दोन ऑपरेटर पुसले जातात.

तुमच्या कागदावर जो तिसरा साचा होता, 'व्हॉट आय नीड इज', त्याच्याकडे तुम्ही फारसं लक्ष दिलेलं दिसत नाही. तुमच्या कामाला खरा उपयोगी तोच आहे. 'इट वॉज'सारखं बोट त्यात बहुधा नसतं. तो ऐकणाऱ्याला आधी सांगतो की मी आता कशाबद्दल बोलणार, मग गोष्ट हातात देतो. मराठीत आपण 'झालं असं की' म्हणून सुरुवात करतो ना? ते 'व्हॉट हॅपन्ड वॉज'. 'माझं म्हणणं असं की' हे 'व्हॉट आय मीन इज'. 'मला हवंय ते एवढंच' हे 'ऑल आय नीड इज'. फोनवर बोलताना याचा आणखी एक फायदा होतो. 'व्हॉट हॅपन्ड वॉज' म्हणेपर्यंत पुढचं वाक्य मनात जुळवायला दोन क्षण मिळतात, आणि इंग्रजीत बोलताना ते दोन क्षण किती मोलाचे असतात हे तुम्हाला मी सांगायला नको.

शिवाय 'इट' वाल्या साच्यात क्रियापद पुढे आणता येत नाही, ते इथे येतं. ट्रान्सपोर्टरने पॅकिंग बदललं, हे कृतीवर जोर देऊन सांगायचंय, तर 'व्हॉट द ट्रान्सपोर्टर डिड वॉज चेंज द पॅकिंग.' तिथे 'चेंज' मूळ रूपातच ठेवायचं. भूतकाळ 'डिड'ने आधीच सांगून टाकलाय, म्हणून 'वॉज चेंज्ड' नको. आणि माणसासाठी 'व्हॉट'च्या जागी नुसता 'हू' घालून सुरुवात करू नका. 'हू कॉल्ड वॉज माय मॅनेजर' इंग्रजी कानाला बसत नाही, 'द पर्सन हू कॉल्ड वॉज माय मॅनेजर' म्हणावं.

बाकीचे नियम थोडक्यात सांगते. आपल्या 'तो, ती, ते' चं लिंगवचन बदलतं, 'फोडली ती खडी', 'आले ते पाहुणे'. इंग्रजीतलं 'इट' मात्र हलत नाही, आणि त्याचं क्रियापदही एकवचनीच राहतं. पुढे दहा माणसं असली तरी 'इट वॉज द ड्रायव्हर्स', 'इट वेअर' कधीच नाही. मागच्या पाकळीतलं क्रियापद मात्र पुढे आणलेल्या शब्दाप्रमाणे चालतं: 'इट वॉज द ड्रायव्हर्स हू वेअर लेट.' जागा किंवा वेळ पुढे आणली तर मागे 'दॅट' ठेवा, 'इट वॉज इन जालना दॅट'. तिथे 'व्हेअर' लिहिण्याची सवय आपल्याकडे फार आहे, ती टाळलेली बरी. 'फ्रॉम'सारखा शब्द एकदाच: 'इट वॉज फ्रॉम मिरज दॅट द वॉटर केम' किंवा 'इट वॉज मिरज दॅट द वॉटर केम फ्रॉम', दोन्हीकडे घालू नका. 'दॅट' गाळता येतो तो पुढचा शब्द कर्म असेल तेव्हा, 'इट वॉज द न्यू ड्रॉइंग वुई नीडेड'. कर्ता असेल तर लेखी इंग्रजीत गाळू नये.

एक घोळ सगळीकडे दिसतो, तो स्पर्धा परीक्षांची तयारी करणाऱ्या वाचकांसाठीही सांगते. 'इट' आणि 'दॅट' दिसले की ते क्लेफ्टच, असं नसतं. 'इट इज क्लिअर दॅट द सॅम्पल वॉज अप्रूव्ह्ड' हे क्लेफ्ट नाही. 'इट इज' आणि 'दॅट' काढून टाका आणि उरलेल्या शब्दांतून एक पूर्ण वाक्य जुळतं का बघा. 'फ्रॉम मिरज, द वॉटर केम' जुळतं, म्हणून ते क्लेफ्ट. 'क्लिअर, द सॅम्पल वॉज अप्रूव्ह्ड' यात 'क्लिअर' लोंबकळत राहतो, म्हणून नाही. आणि 'नॉट अनटिल' वाला प्रकार शिकून ठेवा, तो फार उपयोगी आहे: 'इट वॉज नॉट अनटिल १७ सप्टेंबर १९४८ दॅट मराठवाडा बिकेम फ्री.' देश १५ ऑगस्ट १९४७ला स्वतंत्र झाला, आपण हैदराबाद संस्थानातून सुटलो ते तेरा महिन्यांनी. तो सगळा खोळंबा त्या दोन शब्दांत येतो.

आता तुमचं खरं काम. रचना सोडून देणं हा एक मार्ग आहे, आणि काही आठवडे तो सुरक्षितही वाटेल. पण मग एखाद्या दिवशी खरंच गैरसमज दूर करायची वेळ येईल आणि तुमच्याकडे साधन नसेल. दुसरा मार्ग, मॅनेजर मेल तपासतात तोवर त्यांच्यावर सोपवणं. त्यांच्याशी एकदा मोकळं बोला, असं मला वाटतं. 'सर, माझं वाक्य आरोपासारखं वाचलं जातं हे मला तेव्हा कळलं नव्हतं, आता कळलंय', एवढं सांगितलंत तर त्यांनाही बरं वाटेल. ते तुमच्यावर नाराज आहेत, असं तुमच्या पत्रावरून मला दिसत नाही. ग्राहक तुटू नये ही त्यांची काळजी आहे.

आणि त्या ग्राहकाला लिहायचं असेल तर असं लिहा: 'द सॅम्पल वॉज अप्रूव्ह्ड लास्ट मंथ, द अप्रूव्हल मेल इज अटॅच्ड.' कुणी पास केलं, हे जोडलेला मेल सांगेल, तुम्ही सांगायची गरज नाही. मग पुढे, 'वुई अंडरस्टँड द शेड लुक्स डिफरंट. व्हॉट वुई नीड नाऊ इज वन पीस फ्रॉम युवर लॉट, सो दॅट वुई कॅन कम्पेअर.' यात एकच क्लेफ्ट आहे, आणि ते पुढच्या कामाकडे बोट दाखवतं. तपासणीत तुमच्याकडची चूक निघाली, तर मग 'इट वॉज' वाला साचा मोकळ्या मनाने वापरा: 'इट वॉज अवर कोटिंग बॅच दॅट वॉज डिफरंट, नॉट युवर सॅम्पल.' दोष स्वतःकडे घेऊन समोरच्याला मोकळं करायला याच्याइतकी नेमकी रचना इंग्रजीत क्वचितच सापडेल. 'हेच, दुसरं कुणी नाही' हा तिचा अर्थ तिथे समोरच्याला सोडवतो. पहिल्या मेलमध्ये त्याच अर्थाने त्यांना अडकवलं होतं.

पंधरा दिवस एक करून बघा. रोज संध्याकाळी घरच्यांशी फोनवर बोलताना 'ते' आणि 'च' कुठे आले ते कान देऊन ऐका. 'आलो ते एसटीनं', 'दिला तो मोठ्या काकांनी', 'तूच म्हणलास ना'. त्यातली दोन-तीन वाक्यं वहीत लिहा आणि प्रत्येकापुढे ती कोणत्या प्रश्नाचं उत्तर होती ते लिहा. मग इंग्रजी करा. काही ठिकाणी क्लेफ्ट येईल, काही ठिकाणी 'ऑलरेडी', पुष्कळ ठिकाणी काहीच नाही. सहकाऱ्याला ही वही दाखवायची गरज नाही. मॅनेजरना दाखवलीत तर हरकत नाही.

बहिणीचा प्रश्न राहिला. जुन्या व्याकरणाच्या नियमाने 'इट इज आय हू अ‍ॅम टू ब्लेम' बरोबर. 'आय' पुढे आला म्हणून मागे 'अ‍ॅम'. परीक्षेत तेच लिहायचं. बोलताना इंग्रज माणूस 'इट्स मी हू इज' म्हणतो, आणि ते बोलण्यात चालतं, पण उत्तरपत्रिकेत त्यावर मार्क जातील. आणि तुम्हाला मेलमध्ये हेच म्हणायचं असेल तर दोन्ही सोडा, 'आय अ‍ॅम द वन हू इज रिस्पॉन्सिबल' लिहा. ते कुणालाच खटकणार नाही.